मी माझा आजोबा नव्हे

मा. महसूलमंत्री,
महाराष्ट्र राज्य, मुंबई यांस

विषय : एकाच नावाची दोन माणसे वेगळी असल्याची नोंद अभिलेखात घेण्याबाबत.

महोदय,


अर्जाला विषय लागतो म्हणून वर तो लिहिला. खरे म्हणजे हा अर्ज नाही. अर्ज करून झाले, त्यांच्या पोचपावत्या एका जुन्या मिठाईच्या डब्यात जपून ठेवल्या आहेत. हे पत्र उघड लिहितो आहे, कारण हे दुखणे एकट्या माझे नाही.

माझे नाव रामा गणपत आहे असे धरून चाला. खरे नाव वेगळे आहे. आडनाव तर मुद्दामच देत नाही, कारण ते देऊन काही कळतही नाही. आमचे निम्मे गाव त्याच आडनावाचे. आमच्या घरात थोरल्या नातवाला आजोबांचे नाव ठेवायची रीत आहे, आपल्याकडेही असेल. त्यामुळे आजोबा रामा गणपत, वडील गणपत रामा आणि मी पुन्हा रामा गणपत. आजोबा वारले आणि वर्षाच्या आत मी जन्मलो, तेव्हा आजी म्हणाली, "आलं माझं माणूस परत." तिने ते मायेने म्हटले होते. आपल्या खात्याने ते अक्षरशः घेतले.

झाले ते असे. आजोबा गेल्यावर वारसनोंद राहून गेली. वडील, दोन चुलते आणि आत्या यांच्यात तोंडी वाटणी झाली. जो तो आपापला तुकडा कसत राहिला आणि कागदावर आजोबाच जमीन कसत राहिले. गावोगाव असेच आहे, आपणास ठाऊक आहे. मग शेतकरी ओळख क्रमांकाची मोहीम आली. शिबिरात संगणकावर बसलेल्या पोराने माझे आधारवरचे नाव घातले, गाव निवडले आणि म्हणाला, "मास्तर, तुमच्या नावावर चांगली साडेचार हेक्टर दिसतीय की!" मी म्हटले, माझे वीस गुंठे आहेत, पेन्शनच्या पैशांत घेतलेले. बाकीचे आजोबांचे. तो म्हणाला, नाव तर तुमचेच आहे, वडिलांचे नावही जुळते. शंभरातले शंभर जुळते. जुळणारच. पाळणा हलवताना कुणाच्या मनात सातबारा नसतो.

मी घरी पोचायच्या आधी बातमी भावकीत पोचली होती. चुलत भाऊ ओसरीवर येऊन बसले. कुणी काही बोलले नाही. चहासुद्धा निम्माच प्याले. चाळीस वर्षे शाळेत ज्यांच्या पोरांना पाढे शिकवले, त्यांना दुसऱ्या दिवसापासून मी जमीन गिळायला निघालेला माणूस वाटू लागलो.

पुढे 'जिवंत सातबारा' ही आपली मोहीम आली. मयत खातेदारांच्या जागी वारसांची नावे लागावीत, हा हेतू चांगला आहे आणि तो मी मनापासून चांगला म्हणतो. आम्ही सगळ्यांनी मिळून आजोबांच्या मृत्यूचा दाखला शोधला आणि दिला. तेव्हा गावच्या खात्यांत जेवढे म्हणून रामा गणपत होते, ते सगळे मयतांच्या यादीत गेले. म्हणजे माझे वीस गुंठेही. एकदा मी आजोबांची जमीन बळकावलेला नातू होतो, आता मी वारलेला आजोबा झालो. वर एका बँकेच्या शाखेत साहेबांनी गंभीरपणे विचारले, "वारस कोण आहेत?" मी म्हटले, समोर बसलोय तो मी.

गाव, तालुका, शाखा, कशाचेच नाव मी लिहीत नाही. त्या माणसांनी काही कपट केले नाही. पडद्यावर नाव दिसले, ते त्यांनी खरे मानले. जमीन महसूल संहितेचे 157 वे कलम तर सांगतेच की अधिकार अभिलेखातली नोंद, विरुद्ध सिद्ध होईपर्यंत, खरी मानायची. आमच्या बाबतीतही नोंद खरीच होती. ती कोणत्या माणसाची, एवढेच चुकत होते. आणि त्यासाठी संहितेत गृहीतक नाही.

तालुक्याला वकिलांकडे गेलो. त्यांच्या टायपिस्टकडे प्रतिज्ञापत्राचा तयार मसुदा असतो : अमुक ऊर्फ तमुक ही दोन्ही नावे एकाच व्यक्तीची असून ती व्यक्ती मीच आहे. मी म्हटले, मला उलटे हवे आहे. एकच नाव दोन व्यक्तींचे आहे आणि त्यातली एक मी नाही. त्याने मशीनवरचा हात काढून माझ्याकडे बघितले. "मास्तर, दोन नावांचा एक माणूस असा फॉर्म आहे. एका नावाची दोन माणसं, असा नाही. इतक्या वर्षांत कुणी मागितला नाही."

साहेब, माझे सगळे म्हणणे या एका वाक्यात आहे.

पहिला फॉर्म का आहे, ते उघड आहे. लग्नात मुलीचे नाव बदलते, कुठे कुठे पहिले नावसुद्धा. माहेरच्या सातबाऱ्यावर मंदा, सासरच्या रेशनकार्डावर मंगल. शाळेच्या दाखल्यावर दत्तात्रय, मतदार यादीत दत्तात्रेय, सोसायटीच्या कर्जखात्यात दत्तू, गावात दत्तोबा. असा विस्कटलेला माणूस एकत्र बांधायला सरकारने दोरी केली आणि ती बरी केली. पण एका नावाखाली चिकटलेली दोन माणसे सोडवायला काही केले नाही. ई-हक्क प्रणालीवर मी अर्जांचे प्रकार वाचले. बोजा चढवणे, बोजा कमी करणे, वारस नोंद, मयताचे नाव कमी करणे, अज्ञान पालनकर्त्याचा शेरा कमी करणे, एकत्र कुटुंब मॅनेजरची नोंद कमी करणे, विश्वस्तांची नावे बदलणे. चांगली यादी आहे. 'ही व्यक्ती ती नव्हे' असा प्रकार मला त्यात सापडला नाही.

आता आपण म्हणाल, नावे सारखी असण्याचा त्रास पूर्वीही असेलच. होता. पण पूर्वीच्या कारकुनाला तो माहीत होता. जुने दप्तर उघडून पाहा. तिथे माणूस नुसत्या नावाने येतच नाही. रामजी बिन गणोजी, म्हणजे गणोजीचा मुलगा. गंगाबाई कोम रामजी, म्हणजे रामजीची बायको. नंतरच्या कागदांत 'भ्र.' आले, भ्रतार अमुक. मालक लहान असेल तर 'अ.पा.क.' लिहून पालकाचे नाव. घराच्या वतीने नाव लागले असेल तर 'ए.कु.मॅ.'. खरेदीखतात वय वर्षे इतके, धंदा शेती, राहणार अमुक. कारकून एका माणसाला चारी बाजूंनी खुंट्या ठोकून बसवायचा. अक्षर वाईट असेल, पण माणूस हलायचा नाही.

आणि हे केवळ रिवाजाने नव्हते, कायद्यानेही होते. 1908 चा नोंदणी कायदा व्याख्यांपासूनच हे बजावतो की दस्तातल्या माणसाचे नाव पुरे नाही. त्याचे राहण्याचे ठिकाण हवे, धंदा हवा, बापाचे नाव हवे, आणि जो आईच्या नावाने ओळखला जातो त्याच्या आईचे नाव हवे. शंभर वर्षांपूर्वीचा इंग्रजी अंमल आणि त्यात आईच्या नावाला जागा! दुय्यम निबंधकाकडे ठेवायच्या सूच्यांत एक माणसांच्या नावांची, एक मिळकतींची. जमिनीचा शोध घेणारा जाणता वकील मिळकतीच्या सूचीवर, आपण जिला इंडेक्स टू म्हणतो तिच्यावर, विसंबतो. त्याचे कारण मला एका वृद्ध वकिलांनी सांगितले होते : जमीन नाव बदलत नाही आणि दुसऱ्या जमिनीचे नावही घेत नाही.

मग हा सगळा मजकूर संगणकात गेला. जाताना पहिले नाव, मधले नाव, आडनाव असे तीन खण झाले. खुंट्या होत्या त्यातल्या दोन-तीन बाहेरच राहिल्या. आम्हा खेडुतांना त्या वेळी आनंदच झाला. तलाठी आठवड्यातून एकदा भेटायचे (आता त्यांना ग्राम महसूल अधिकारी म्हणायचे असते, गाव अजून भाऊसाहेबच म्हणते), त्यांच्या मागे फिरणे संपले. घरबसल्या जिल्हा, तालुका, गाव निवडावे, गट नंबर नसेल तर नाव टाकावे, सातबारा समोर. माहितीपुरता फुकट, डिजिटल सहीचा 15 रुपयांत. ही सोय परत घ्या असे मी चुकूनही म्हणणार नाही. पण नावाने शोध इतका सोपा झाला की 'नाव सापडले' आणि 'माणूस सापडला' या दोन गोष्टींमधले अंतरच लोकांच्या मनातून गेले. पूर्वी नावाने शोधायला रेकॉर्ड रूममध्ये अर्धा दिवस जायचा, धूळ खावी लागायची, आणि तोवर शेजारच्या पानावरचा दुसरा रामाही डोळ्यांखालून जायचा.

चावडी वाचनाची मला आठवण आहे. संगणकावर चढवलेला सातबारा गावात मोठ्याने वाचायचा आणि चुका सांगायच्या. पिंपळाच्या पारावर आम्ही बसलो होतो. नाव वाचले की कुणीतरी ओरडायचे, "हा वरल्या आळीचा का खाल्ल्या?" उत्तर मिळायचे. गावाला प्रत्येक रामा ठाऊक होता : लंगडा रामा, मुंबईवाला रामा, विहिरीवरला रामा. पण ऐकणाऱ्याने ते कुठे लिहायचे? तसा रकानाच नव्हता. गावाचे ज्ञान पारावरच राहिले.

महोदय, आपल्याच राज्यकारभारात एका ठिकाणी हा प्रश्न फार पूर्वी ओळखला गेला आहे, निवडणुकीत. 1961 चे निवडणूक नियम काढून बघा. 22 व्या नियमात स्पष्ट सांगितले आहे की एकाच नावाचे दोन उमेदवार असतील तर त्यांचा धंदा किंवा राहण्याचे ठिकाण जोडून, नाहीतर आणखी कोणत्या रीतीने, मतपत्रिकेवर त्यांच्यात फरक दाखवायचा. एवढे करूनही पुरले नाही. रायगडची 2014 ची लोकसभा निवडणूक आठवा. अनंत गीते यांनी सुनील तटकरे यांना 2,110 मतांनी हरवले, आणि त्याच मतपत्रिकेवर सुनील तटकरे याच नावाच्या एका अपक्षाला 9,849 मते पडली. त्यातली किती चुकून, किती जाणून, ते त्या मतदारांनाच माहीत. 2015 च्या मे महिन्यापासून निवडणूक आयोगाने मतपत्रिकेवर उमेदवाराचा फोटो आणला. 2024 मध्ये सारख्या नावाच्या उमेदवारांना आळा घालावा म्हणून कुणी सर्वोच्च न्यायालयात गेले, तर न्यायालयाने नकार दिला. आईबापांनी ठेवलेल्या नावामुळे माणसाचा उभे राहण्याचा हक्क कसा काढून घ्यायचा, असा न्यायालयाचा रोख होता. मला तो पटला. नाव हा गुन्हा नाही. पण उमेदवारांना फोटो मिळाला, खातेदारांना काय?

मतदारांनाही तारे मिळाले म्हणा. मागच्या स्थानिक निवडणुकांत संभाव्य दुबार नावांपुढे दोन तारे छापले होते. आमच्या गावातल्या एकाच नावाच्या दोघांपुढे ते आले. दोघे वेगळ्या वाडीचे, वेगळ्या वयाचे, आणि एकमेकांशी गेली पंधरा वर्षे बोलत नाहीत. ताऱ्यांमुळे निदान कर्मचारी घरी येऊन विचारून गेले. सातबाऱ्यावर तेही नाही. तिथे दोन माणसे एक झाली तर कुणी दार वाजवत नाही.

आणखी एक गोष्ट, आणि ती तापलेली असल्यामुळे मी जपून लिहितो. कुणबी नोंदी शोधायला न्या. संदीप शिंदे समिती 2023 मध्ये नेमली गेल्यापासून अवघा महाराष्ट्र जुनी दप्तरे चाळतो आहे. लाखो नोंदी सापडल्या. आरक्षणाचा निर्णय काय व्हावा, तो या पत्राचा विषय नाही. मला दिसते ते शोधणाऱ्यांचे हाल. गाव नमुना 14 मधली जन्ममृत्यूची नोंद, शाळेचा प्रवेश-निर्गम उतारा, खासरा पत्रक, कुळाची नोंद, यांतला कागद मिळाला की घरी पेढे वाटतात. मग कळते की त्यात आडनावच नाही. आहे ते असे : 'रामा गणपत यास मुलगा'. मुलाचे नावही नाही, अजून ठेवलेच नव्हते. आणि तो मोडीत असेल तर ऱ्हस्व-दीर्घाचा भरवसा नाही, शब्दाशब्दांत जागा नाही, वाचणारा जे वाचील ते. हा रामा माझाच पणजोबा कशावरून? त्याच गावात त्याच काळी दुसरा रामा गणपत होता आणि त्याचेही पणतू आज तीच झेरॉक्स घेऊन रांगेत उभे आहेत. वंशावळ दोघांनी जोडली, दोन्हींवर सह्या आहेत. यातला एक तरी दुसऱ्याच्या पूर्वजाला आपला म्हणतो आहे, तेही प्रामाणिकपणे. नंतर पडताळणीत कुणाचा तरी दाखला अडकणार आणि त्या पोराचे वर्ष जाणार. आमच्याकडे निदान मयत आणि जिवंत असा फरक तरी होता. इथे दोघेही मयत.

म्हणून काय हवे ते लिहितो. आधार क्रमांक सातबाऱ्यावर छापा, असे सुचवणारे भेटतात. कृपा करून ते करू नका. सातबारा जगाला खुला आहे आणि तो तसाच राहावा. पण खुल्या कागदावर माणसाची किल्ली टांगत नाहीत. 8अ वरच्या खाते क्रमांकाने काम भागेल असेही कुणी म्हणेल. तो गावापुरता असतो, शेजारच्या गावात त्याच माणसाचा वेगळा. जमिनीला आता स्वतःचा भू-आधार मिळाला, ते उत्तम झाले. वकीलबुवा म्हणाले तेच, जमिनीची पंचाईत कधी नव्हतीच.

मला हवा आहे एक शेरा. इतर हक्कांत बोजा दिसतो तसा, नावाखाली : या खातेदाराचे नाव याच गावातील मयत अमुक यांच्याशी सारखे असून ते भिन्न आहेत, फेरफार क्रमांक इतका. नेहमीच्या फेरफाराप्रमाणे हितसंबंधितांना नोटीस द्या, पंधरा दिवस हरकतीला ठेवा, मंडळ अधिकाऱ्यांना प्रमाणित करू द्या. कुणाचा हक्क यात वाढत नाही, कुणाचा जात नाही. लेखनप्रमाद दुरुस्त करायला संहितेत 155 वे कलम आहेच, पण आमच्या नोंदीत लेखनाचा प्रमाद नव्हता. अक्षर न् अक्षर बरोबर होते, म्हणूनच तर गोंधळ झाला. तेव्हा त्या कलमाच्या खिडकीतून आम्हाला ढकलू नका, त्या खिडकीतून हल्ली नको ते फेरबदलही शिरतात.

दुसरे, आईचे नाव. 1 मे 2024 पासून जन्मलेल्यांच्या नावात आईचे नाव आपल्याच सरकारने आणले. ती बाळे खातेदार होतील तेव्हा मी नक्कीच खराखुरा मयत असेन. आज जे मागतील त्यांना आजच द्या. माझ्या आजोबांच्या आईचे नाव आणि माझ्या आईचे नाव वेगळे आहे. सारा घोळ त्या एका शब्दाने मिटला असता. बापाच्या नावाने फिरणारे हे चाक दर दोन पिढ्यांनी त्याच जागी येते. सुना मात्र दुसऱ्या घरांतून येतात, त्यांची नावे अशी फिरत नाहीत.

आणि नावाने शोधणाऱ्याला एवढे तरी दिसू द्या की या गावात या नावाचे इतके खातेदार आहेत. शक्य तिथे टंकलेल्या नावाशेजारी जुन्या हस्तलिखित पानाची प्रतिमा ठेवा. त्या पानावर 'बिन' आहे, 'कोम' आहे, समासात कुणी पेन्सिलीने लिहिलेले 'विहिरीवरला' सुद्धा असेल.

आमच्या घरचे सांगायचे राहिले. आत्याचे नाव वारसांत लागले, त्यावरून थोडी कुरबुर झाली, मग मिटली. माझे वीस गुंठे मयतातून परत यायचे आहेत, फाइल फिरते आहे. चुलत भाऊ आता चहा पूर्ण पितात. गेल्या महिन्यात माझ्या मुलाला मुलगा झाला आणि बारशाला सूनबाईंनी विचारले, आजोबांचे नाव ठेवायचे ना? रीतीप्रमाणे माझ्या वडिलांच्या नावाची पाळी माझ्या मुलावर येऊन गेली, तेव्हा आता माझी. बायका पाळण्याभोवती थांबल्या होत्या. मी म्हटले, मंत्र्यांना पत्र लिहिले आहे, उत्तर येईपर्यंत थांबा. मूल अजून 'बाळ्या' आहे.

आपला,
रामा बिन गणपत बिन रामा,
आई पार्वतीबाई, वय वर्षे 62, धंदा शेती, पूर्वी शिक्षक,
राहणार खालची आळी, हयात.